पानमर्यादेत न बसलेली कादंबरी: लाइट नॉव्हेलची फ्रँचायझी कशी होते

२००२ साली रेकी कावाहारा या होतकरू जपानी लेखकाने देन्गेकी बुन्को या प्रकाशनमालेच्या वार्षिक कादंबरी-स्पर्धेसाठी एक कथा लिहायला घेतली. एका आभासी खेळात दहा हजार खेळाडू अडकतात, खेळात मरण आले तर प्रत्यक्षातही मरण येते आणि शंभर मजल्यांचा तरंगता किल्ला सर केल्याशिवाय कोणाचीही सुटका होत नाही, असे तिचे कथानक होते. लिहिता लिहिता कथा स्पर्धेच्या पानमर्यादेबाहेर गेली आणि काटछाट करून ती आत बसवणे लेखकाला जमेना. त्याने ती स्पर्धेला पाठवलीच नाही. वेगळ्या टोपणनावाने स्वतःच्या संकेतस्थळावर ती क्रमशः प्रसिद्ध करू लागला. पुढे २००८ साली ‘ॲक्सेल वर्ल्ड’ या दुसऱ्याच कादंबरीसाठी त्याला त्याच स्पर्धेचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. संपादक काझुमा मिकी यांनी त्याचे जुने लेखन पाहिले आणि एप्रिल २००९ मध्ये ‘सोर्ड आर्ट ऑनलाइन’चा पहिला खंड बाजारात आला. आज या नावाखाली अनेक हंगामांची ॲनिमे (म्हणजे जपानी ॲनिमेशनची) मालिका आहे, चित्रपट आहेत, व्हिडिओ गेम आहेत, गाण्यांचे संच, बाहुल्या आणि कपडे आहेत. पुस्तकांच्या प्रतींची जगभरातील संख्या तीन कोटींच्या घरात पोहोचली आहे.

एकाच गोष्टीवर अनेक माध्यमांत उभ्या राहिलेल्या अशा पसाऱ्याला फ्रँचायझी म्हणतात. अशी उदाहरणे पाहिली की एखाद्या लेखकाचे नशीब फळफळले, असे वाटू लागते. नशिबाचा भाग आहेच, परंतु त्यापेक्षा महत्त्वाची आहे ती व्यवस्था. जपानमध्ये गेल्या चार-पाच दशकांत कादंबरी, चित्रकथा, पडदा, संगीत आणि खेळ यांना एकमेकांत गुंतवणारी एक पक्की घडी बसली आहे. लाइट नॉव्हेल हा त्या घडीतील सर्वांत स्वस्त भाग असून, गोष्ट चालेल की नाही याची परीक्षा त्यावरच घेतली जाते. पुढच्या पायऱ्यांवर जो मोठा पैसा ओतला जातो, तो या परीक्षेच्या निकालावर. हा व्यवहार समजून घ्यायचा तर सुरुवात पुस्तकापासूनच करावी लागते.

लाइट नॉव्हेल म्हणजे साधारणपणे १०५ बाय १४८ मिलिमीटर आकाराचे, कोटाच्या खिशात सहज मावणारे कागदी बांधणीचे पुस्तक. पाने अडीचशे-तीनशे, किंमत सहाशे-सातशे येनांच्या आसपास. मुखपृष्ठावर ॲनिमेच्या शैलीतील पात्राचे चित्र असते, उघडताच चार-सहा रंगीत पाने लागतात आणि मजकुरात अधूनमधून कृष्णधवल चित्रे येतात. भाषा बोलती असते, संवाद भरपूर असतात, परिच्छेद छोटे असतात आणि निवेदन पुष्कळदा नायकाच्या तोंडी असते. एका खंडात एक प्रसंगमालिका पूर्ण होते, पण मोठी गोष्ट उघडी राहते. पुस्तक चालले तर काही महिन्यांत पुढचा खंड येतो; नाही चालले तर दोन-तीन खंडांत मालिका गुंडाळली जाते आणि त्याचा फारसा गाजावाजा होत नाही. मूळ वाचकवर्ग शाळा-महाविद्यालयातील मुलांचा होता. ते वाचक मोठे झाले तरी वाचत राहिले, त्यामुळे आता तिशी-चाळिशीतील वाचकही या पुस्तकांचे मोठे गिऱ्हाईक आहेत.

यातील चित्रांना सजावट समजणे चुकीचे ठरेल. संपादक चित्रकाराची निवड जितक्या गांभीर्याने करतो तितक्या गांभीर्याने तो क्वचितच दुसरा एखादा निर्णय घेत असेल, कारण दुकानातल्या फळीवर अनोळखी लेखकाचे पुस्तक उचलले जाते ते चेहरा पाहून. पण त्याहून दूरगामी परिणाम वेगळाच आहे. चित्रकार पात्राचे केस, डोळे, गणवेश, उभे राहण्याची ढब ठरवतो तेव्हा पुढे ॲनिमे करणाऱ्यांसाठी, बाहुली घडवणाऱ्यांसाठी आणि टी-शर्ट छापणाऱ्यांसाठी लागणारा आराखडाच त्या क्षणी तयार होतो. नागारु तानिगावा यांच्या हारुही सुझुमिया या नायिकेची पिवळी फीत नोइझी इतो यांच्या चित्रांतून वाचकांच्या मनात ठसली होती; २००६ मध्ये ती पडद्यावर आली तेव्हा तिची नव्याने ओळख करून देण्याची गरज उरली नव्हती. शब्दांतून घडलेल्या पात्राला प्रत्येक वाचक आपापला चेहरा देतो, हे साहित्याचे बलस्थान मानले जाते. लाइट नॉव्हेल ते बलस्थान पहिल्याच दिवशी सोडून देते आणि त्याच्या मोबदल्यात पात्राला एका माध्यमातून दुसऱ्यात सहज जाण्याची मोकळीक मिळवते.

या पद्धतीची मुळे कादोकावा या प्रकाशनसंस्थेच्या इतिहासात आहेत. १९४५ साली स्थापन झालेली ही संस्था प्रारंभी साहित्य आणि अभ्यासग्रंथ छापणारी होती. संस्थापकांच्या निधनानंतर १९७५ मध्ये त्यांचे पुत्र हारुकी कादोकावा प्रमुख झाले आणि पुढच्याच वर्षी त्यांनी आपल्याच प्रकाशनाच्या एका रहस्यकादंबरीवर स्वतः चित्रपट काढला. चित्रपटाची जाहिरात पुस्तकाची विक्री वाढवी, पुस्तकाच्या दुकानातील ढीग चित्रपटाची जाहिरात करी आणि चित्रपटातील गाणे दोघांनाही आकाशवाणीवरून घराघरांत नेई. आज हे सर्वांनाच सुचेल असे वाटते. परंतु त्या काळी एका प्रकाशकाने जाहिरातीवर एवढा पैसा उधळावा, याचे जपानी पुस्तकव्यवसायाला नवल वाटले होते. हारुकींच्या धाकट्या भावाने, त्सुगुहिको यांनी, हीच कल्पना वेगळ्या दिशेने नेली. मोठ्या पडद्याऐवजी त्यांचे लक्ष होते नियतकालिकांवर, संगणकीय खेळांवर आणि छंद जोपासणाऱ्या लहान पण निष्ठावान गटांवर.

या गटांची ताकद ‘रेकॉर्ड ऑफ लोडोस वॉर’ने दाखवून दिली. १९८६ मध्ये ‘कॉम्प्टिक’ या संगणकविषयक मासिकात काही मित्रांनी खेळलेल्या ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ या भूमिकाप्रधान (प्रत्येक खेळाडू एकेक पात्र बनतो अशा) खेळाचा वृत्तान्त क्रमशः छापून येऊ लागला. वाचकांना खेळाच्या नियमांपेक्षा त्यातील माणसे अधिक आवडली. १९८८ मध्ये र्यो मिझुनो यांनी त्यावर कादंबरी लिहिली, १९९० मध्ये चित्रफितींवर ॲनिमे आले आणि संगणकीय खेळही निघाले. १९८८-८९ या काळातच फुजिमी फँटासिया बुन्को आणि स्नीकर बुन्को या तरुणांसाठीच्या प्रकाशनमाला उभ्या राहिल्या. दोघा भावांचे बिनसल्यावर त्सुगुहिको १९९२ मध्ये बाहेर पडले आणि त्यांनी मीडियावर्क्स ही कंपनी काढली. तिनेच १९९३ मध्ये देन्गेकी बुन्को सुरू केले. त्याच वर्षी हारुकींना अमली पदार्थांच्या प्रकरणात अटक झाली, धाकटे बंधू मूळ कंपनीत परतले आणि कालांतराने मीडियावर्क्सही तिच्याच छत्राखाली आली. एका घरातील भांडणातून नवी प्रतिस्पर्धी प्रकाशनमाला निघावी आणि शेवटी जुन्या व नव्या दोन्ही एकाच मालकाच्या व्हाव्यात, हा योगायोग कादंबरीत घातला असता तर संपादकाने खोडला असता.

कादोकावाच्या वर्तुळात वावरलेले समीक्षक एइजी ओत्सुका यांनी १९८९ मध्ये या व्यवहाराचे जे विवेचन केले, ते आजही उपयोगी पडते. त्यांनी उदाहरण घेतले होते लोट्टे कंपनीच्या बिक्कुरिमान चॉकलेटचे. त्या चॉकलेटबरोबर देव-दानवांची चित्रे असलेली चिकटपत्रे मिळत आणि प्रत्येकाच्या मागे एका मोठ्या गोष्टीचा दोन-तीन ओळींचा तुकडा छापलेला असे. मुले चिकटपत्रे काढून घेऊन चॉकलेट फेकून देत. ओत्सुकांचे म्हणणे असे की, मुले विकत घेत होती ती त्या तुकड्यांच्या आड लपलेली संपूर्ण सृष्टी; तुकडा हे तिच्याकडे जाण्याचे साधन होते. जपानी निर्माते या सृष्टीला ‘सेकाइकान’ म्हणतात, आणि एखाद्या कथेची फ्रँचायझी होईल की नाही, हे ठरवताना कथानकाइतकेच, कधी कधी त्याहून अधिक, लक्ष या सृष्टीकडे दिले जाते. शंभर मजल्यांच्या किल्ल्याची कल्पना या दृष्टीने पाहावी. मूळ कादंबरीत किल्ल्याच्या बहुतेक मजल्यांवर काय घडले हे सांगितलेलेच नाही. लेखकाने ती जागा रिकामी सोडली होती आणि पुढे तिथेच नव्या पुस्तकांची, चित्रपटांची आणि खेळांची सोय झाली.

कथा निवडण्याचा जुना मार्ग म्हणजे स्पर्धा. देन्गेकीची स्पर्धा, स्नीकर बुन्कोची स्पर्धा (हारुहीची पहिली कादंबरी २००३ मध्ये हिचेच सर्वोच्च पारितोषिक मिळवून आली), फँटासियाची स्पर्धा अशा चाळण्यांतून नवे लेखक येत. २००४ मध्ये ‘शोसेत्सुका नि नारो’ (थोडक्यात ‘नारो’) हे संकेतस्थळ सुरू झाले आणि चाळणी संपादकाच्या हातून वाचकांच्या हाती गेली. कोणीही येथे कादंबरी प्रकरणाप्रकरणाने चढवू शकतो, वाचक गुण देतात आणि त्यानुसार रोजच्या क्रमवाऱ्या लागतात. ताप्पेई नागात्सुकी यांची ‘री:झिरो’ २०१२ मध्ये येथेच सुरू झाली, पुस्तकरूपाने २०१४ मध्ये आली आणि २०१६ मध्ये तिचे ॲनिमे झाले. ‘कोनोसुबा’, ‘लॉग होरायझन’, ‘दॅट टाइम आय गॉट रीइन्कार्नेटेड ॲज अ स्लाइम’ यांचा जन्मही इथलाच. प्रकाशकाच्या दृष्टीने हा शितावरून भाताची परीक्षा करण्याचा प्रकार आहे: पुस्तक छापण्यापूर्वीच त्याला वाचक आहेत की नाहीत, हे त्याला ठाऊक असते.

या सोयीची किंमतही आहे. क्रमवारीत वर चढायचे तर पहिल्या दोन-तीन प्रकरणांत वाचकाला पकडावे लागते, आणि वाचकाला आधीच परिचित असलेली चौकट वापरणे हा त्याचा सोपा मार्ग. सामान्य तरुण अपघातात मरतो आणि जादूच्या जगात पुन्हा जन्म घेतो, हे कथासूत्र इतके बोकाळले त्याचे कारण लेखकांच्या कल्पनादारिद्र्यात शोधण्यापेक्षा क्रमवारीच्या यंत्रणेत शोधावे. वाक्यासारखी लांबलचक शीर्षके हाही तिचाच परिणाम होय. यादीत केवळ शीर्षक दिसत असेल तर सगळा सारांश शीर्षकातच कोंबावा लागतो.

पुस्तक बरे चालले की पुढची पायरी मांगाची, म्हणजे चित्रकथेची. बाहेरून पाहणाऱ्याला ही दुय्यम आवृत्ती वाटते, पण व्यवहारात ती अनेकदा मूळ पुस्तकावर मात करते. कादंबरीपेक्षा मांगाचा वाचकवर्ग कितीतरी मोठा आहे आणि मोबाइलवर मांगा वाचणाऱ्यांची संख्या वाढल्यापासून तो आणखी पसरला. स्लाइमच्या गोष्टीची कादंबरी मायक्रो मॅगझिन या तुलनेने लहान प्रकाशकाकडे होती, तर मांगा २०१५ पासून कोदान्शा या बलाढ्य संस्थेच्या मासिकात ताइकी कावाकामी यांनी काढला, आणि असंख्य वाचकांच्या दृष्टीने ती गोष्ट म्हणजे तो मांगाच होय. नात्सु ह्यूगा यांच्या ‘द ॲपोथेकरी डायरीज’चे प्रकरण याहून विलक्षण आहे. प्राचीन चिनी राजवाड्याचे वळण असलेल्या कल्पित अंतःपुरात वावरणाऱ्या औषधी-जाणकार मुलीची ही कथा २०११ मध्ये नारोवर सुरू झाली आणि शुफुनोतोमो या प्रकाशकाने ती छापली. २०१७ मध्ये, एकाच वर्षात, तिच्यावर दोन स्वतंत्र मांगा सुरू झाले, एक स्क्वेअर एनिक्सच्या मासिकात, दुसरा शोगाकुकानच्या. दोन्ही त्याच कादंबरीवर आधारलेले, दोन्ही अधिकृत, चित्रकार वेगळे आणि कथेतील भर देण्याच्या जागाही वेगळ्या. असे करणे म्हणजे आपल्याच पायावर धोंडा, असे कोणालाही वाटेल. प्रत्यक्षात दोघांनाही भरपूर वाचक मिळाले आणि ऑक्टोबर २०२३ मध्ये ॲनिमे आले तेव्हा या गोष्टीचा वाचकवर्ग तीन वेगवेगळ्या दारांनी आत आलेला होता.

ॲनिमेच्या पायरीवर मात्र हिशेब पूर्णपणे बदलतो. कादंबरीचा एक खंड काढायला लेखक, चित्रकार, संपादक आणि छपाई एवढेच पुरते. ॲनिमेच्या बारा-तेरा भागांच्या एका हंगामाला वीस-तीस कोटी येन लागतात, असा अंदाज पूर्वी दिला जात असे आणि आता खर्च त्याच्याही पुढे गेला आहे. एवढा धोका एकट्याने पत्करायला कोणी तयार नसतो. म्हणून ‘सेइसाकु इइंकाइ’, म्हणजे निर्मिती समिती, ही रचना रूढ झाली. ही स्वतंत्र कंपनी नसते. काही कंपन्या करार करून एका कामापुरती भागीदारी करतात: पुस्तकाचा प्रकाशक, चकत्या (डीव्हीडी, ब्लू-रे) आणि संगीत काढणारी कंपनी, दूरचित्रवाहिनी, जाहिरातसंस्था, खेळणी किंवा व्हिडिओ गेम बनवणारी कंपनी. प्रत्येकजण ठरावीक वाटा घालतो आणि नफा-तोटा त्या प्रमाणात वाटला जातो.

परंतु खरी मेख वाट्यात नसून ज्याला ‘खिडकी’ म्हणतात त्या हक्कात आहे. समजा, पाच कंपन्यांनी मिळून पंचवीस कोटी येन उभे केले. त्यांतील संगीत कंपनीला चकत्या आणि गाणी विकण्याची खिडकी मिळते, खेळण्यांच्या कंपनीला बाहुल्यांची, वितरकाला परदेशातील प्रसारणाची. खिडकी ज्याच्याकडे, तो त्या वस्तूच्या विक्रीतून आपले शुल्क आधी कापून घेतो आणि उरलेली रक्कम समितीच्या सामाईक खात्यात जमा करतो. त्यामुळे समिती एकंदरीत तोट्यात गेली तरी एखादा भागीदार आपल्या खिडकीवर कमावून बसलेला असू शकतो. पुस्तकाच्या प्रकाशकाची स्थिती तर सर्वांत मजेदार असते. त्याचे मूळ पुस्तक बहुधा समितीच्या हिशेबाबाहेरच राहते. म्हणजे ॲनिमेमुळे पुस्तकाच्या आणखी दोन लाख प्रती खपल्या तर ते उत्पन्न त्याचे आणि लेखकाचे. अशा वेळी प्रकाशकाने समितीत घातलेला पैसा गुंतवणूक म्हणावा की जाहिरातखर्च, हा प्रश्न ज्याने त्याने आपापल्या परीने सोडवावा.

म्हणूनच ॲनिमेचे वेळापत्रक आणि पुस्तकांचे वेळापत्रक हातात हात घालून चालतात. जपानमध्ये नवे ॲनिमे जानेवारी, एप्रिल, जुलै आणि ऑक्टोबर या चार महिन्यांत सुरू होतात. बारा-तेरा भागांना कादंबरीचे साधारण तीन ते पाच खंड पुरतात, तेव्हा हाताशी त्याहून बरेच अधिक खंड असावे लागतात. नाहीतर पडद्यावरची गोष्ट आवडलेला प्रेक्षक दुकानात येऊन रिकाम्या हाताने परत जातो. ‘सोर्ड आर्ट ऑनलाइन’चे ॲनिमे जुलै २०१२ मध्ये सुरू झाले तेव्हा पहिल्या खंडाला अवघी तीन वर्षे झाली होती, तरीही दहा खंड बाजारात होते. संकेतस्थळावर वर्षानुवर्षे लिहून ठेवलेल्या मजकुराचा हा फायदा. कावाहारा यांची ही मालिका आणि ‘ॲक्सेल वर्ल्ड’ आलटून पालटून दर दोन महिन्यांनी एक खंड या वेगाने निघत होत्या, आणि ‘ॲक्सेल वर्ल्ड’चेही ॲनिमे त्याच वर्षी एप्रिलमध्ये आले होते. ॲनिमेची घोषणा होताच पुस्तकांवर ती ठळकपणे सांगणारी कागदी पट्टी चढते, जुन्या खंडांच्या नव्या आवृत्त्या निघतात, फळीवर कणा दाखवून उभी असलेली पुस्तके मुखपृष्ठ वर करून टेबलावर रचली जातात. निष्ठावान वाचकांसाठी दुकानागणिक वेगळी छोटी कथा किंवा चित्रपत्र मोफत दिले जाते, आणि ती सगळी जमवण्यासाठी एकच पुस्तक तीन दुकानांतून घेणारे वाचकही असतात. पुन्हा बिक्कुरिमानच!

आरंभीचे आणि शेवटचे गीतही या हिशेबातून सुटत नाही. समितीत संगीत कंपनी असते तेव्हा गीत कोणत्या गायिकेला द्यायचे, हे तिच्या पुढच्या वर्षाच्या नियोजनाशी जोडलेले असते. २००६ मध्ये हारुहीच्या ॲनिमेच्या शेवटच्या गीतावर पात्रे जो नाच करतात, तो नुकत्याच जन्मलेल्या यूट्यूबवर पसरला आणि ठिकठिकाणच्या तरुणांनी स्वतः तो नाच करून चित्रफिती चढवल्या. रात्री उशिरा लहान वाहिन्यांवरून दाखवल्या गेलेल्या चौदा भागांच्या मालिकेला मिळालेली ही प्रसिद्धी कोणत्याही जाहिरातसंस्थेने आखलेली नव्हती. मालिका बनवणाऱ्या क्योतो ॲनिमेशन या स्टुडिओने ते भाग कथेच्या कालक्रमानुसार न दाखवता जाणूनबुजून उलटसुलट दाखवले होते, त्यामुळे घटनांचा क्रम जुळवण्यासाठी प्रेक्षक पुस्तकांकडे वळले. एवढ्या युक्तीने केलेले रूपांतर मला दुसरे आठवत नाही.

यशस्वी ॲनिमेनंतर गोष्टीला फांद्या फुटू लागतात. ‘सोर्ड आर्ट ऑनलाइन’मध्ये हे स्पष्ट दिसते. कावाहारा यांनी २०१२ पासून ‘प्रोग्रेसिव्ह’ या नावाने किल्ल्याची कथा पहिल्या मजल्यापासून पुन्हा सविस्तर सांगायला घेतली आणि तिच्यावर २०२१ व २०२२ मध्ये दोन चित्रपट निघाले. केइइची सिगसावा या दुसऱ्या नामवंत लेखकाने त्याच सृष्टीतील बंदुकांच्या खेळावर वेगळी कादंबरीमालिका लिहिली; तिचेही २०१८ मध्ये ॲनिमे झाले. बंदाई नामकोच्या व्हिडिओ गेमची गंमत अशी की, मूळ कथेत पंचाहत्तराव्या मजल्यावरच खेळ संपतो, तर गेममध्ये तो तिथे संपतच नाही आणि खेळाडूला उरलेले मजले चढायला मिळतात. अर्थात, मूळ कथा न मोडता तिला समांतर दुसरा काळ निर्माण केला गेला. २०१७ च्या ‘ऑर्डिनल स्केल’ या चित्रपटासाठी लेखकाने कोणत्याही खंडात नसलेली नवी कथा रचली. जपानमधील चित्रपटगृहांत तिने सुमारे अडीचशे कोटी येन मिळवले. कादंबरीतला तो जीवघेणा खेळ ६ नोव्हेंबर २०२२ रोजी सुरू होतो, असे २००९ च्या पुस्तकात छापलेले आहे. ती तारीख प्रत्यक्ष उजाडली तेव्हा चाहत्यांनी ती सणासारखी साजरी केली आणि हक्कधारकांनीही ती संधी हातची जाऊ दिली नाही.

एवढा मोठा डोलारा अखेर एका माणसाच्या लेखणीवर उभा असतो, ही त्यातली दुखरी बाजू. हारुहीच्या दुसऱ्या हंगामात, २००९ मध्ये, त्याच त्या दिवसांची पुनरावृत्ती होत राहणारी कथा निर्मात्यांनी आठ आठवडे आठ भागांत जवळजवळ तशीच्या तशी दाखवली. प्रत्येक भाग नव्याने रेखाटलेला, नव्याने ध्वनिमुद्रित केलेला; कलाप्रयोग म्हणून तो धाडसी होता, पण प्रेक्षक वैतागले. दरम्यान नव्या पुस्तकाची वाट पाहणे चालूच होते. २०११ मध्ये पुढची कादंबरी आली तेव्हा तिची पहिलीच आवृत्ती पाच लाखांहून अधिक प्रतींची काढावी लागली, आणि त्यानंतरचे पुस्तक उजाडले ते २०२० मध्ये. नऊ वर्षे मूळ झराच थांबल्यावर चित्रपट, गाणी, खेळ यांची कितीही इच्छा असली तरी समिती काय करणार?

उलट बाजूही आहे: लेखक लिहायला तयार असतो, वाचक असतात, तरी पडद्यावरची गोष्ट पुढे सरकत नाही. यू कामिया यांच्या ‘नो गेम नो लाइफ’चे ॲनिमे २०१४ मध्ये गाजले, २०१७ मध्ये चित्रपटही आला, दुसरा हंगाम मात्र त्यानंतर आलेला नाही. लाइट नॉव्हेलवरच्या ॲनिमेंमध्ये असे अर्धवट राहणे हा अपवाद नाही. बारा भागांनी पुस्तकांची विक्री वाढवण्याचे काम केले असेल, तर पुढचे बारा भाग काढण्याचे कारण समितीला नव्याने शोधावे लागते. प्रेक्षकाच्या दृष्टीने ही फसवणूक वाटते. हिशेबाच्या दृष्टीने ते काम पूर्ण झालेले असते.

या रचनेत ज्याच्या हाताला सर्वाधिक श्रम पडतात त्या ॲनिमेशन स्टुडिओला बहुधा ठरलेली रक्कम मिळते आणि समितीत वाटा नसेल तर पुढच्या नफ्याशी त्याचा संबंध राहत नाही. क्योतो ॲनिमेशनने यावर जो उपाय केला, तो मला या सगळ्या इतिहासातील सर्वांत शहाणपणाचा वाटतो. दुसऱ्यांच्या कादंबऱ्यांचे रूपांतर करून नाव कमावल्यावर या स्टुडिओने २००९ मध्ये स्वतःची साहित्यस्पर्धा सुरू केली आणि २०११ मध्ये स्वतःची प्रकाशनमाला काढली. स्पर्धेत उल्लेखनीय ठरलेल्या एका कादंबरीवर २०१२ मध्ये ‘लव्ह, चुनिब्यो’ हे ॲनिमे आले. सर्वोच्च पारितोषिक मिळवणारी पहिली कलाकृती होती काना आकात्सुकी यांची ‘व्हायोलेट एव्हरगार्डन’. २०१८ मध्ये तिचे ॲनिमे नेटफ्लिक्सवरून जगभर गेले. मूळ कथेचे हक्क आपल्याकडे असले की समितीच्या मेजावर बसण्याची जागा बदलते, हे प्रकाशकांनी चाळीस वर्षांपूर्वी ओळखले होते. येथे ते चित्रे काढणाऱ्यांनी ओळखले.

गेल्या दहा वर्षांत पैशाचा ओघच बदलला आहे. पूर्वी रात्री उशिरा लागणाऱ्या ॲनिमेचा खर्च काही हजार चाहत्यांनी विकत घेतलेल्या महागड्या चकत्यांतून निघत असे. एका चकतीत दोन भाग आणि किंमत सहा-सात हजार येन. आता प्रसारण-मंचांकडून मिळणारे शुल्क महत्त्वाचे झाले आहे, आणि २०२० मध्ये ॲनिमे उद्योगाचा परदेशी बाजार प्रथमच देशी बाजारापेक्षा मोठा ठरला. मराठी प्रेक्षक-वाचकही या परदेशी बाजारात मोडतात. आपल्याकडे ही साखळी उलट्या टोकाने उलगडते: आधी क्रंचिरोल किंवा नेटफ्लिक्सवर ॲनिमे, मग मांगा, आणि त्यातूनही उत्सुकता उरली तर येन प्रेसने काढलेली इंग्रजी कादंबरी. या येन प्रेसमध्येही २०१६ पासून कादोकावाची निम्म्याहून अधिक मालकी आहे, म्हणजे दार कोणतेही असले तरी गल्ला बऱ्याचदा एकाच घरी पोहोचतो.

गंमत अशी की, ज्या पुस्तकावर हे सगळे उभे आहे त्याच्या खिशात मावणाऱ्या छापील आवृत्तीची विक्री जपानमध्ये २०१२ च्या सुमारास शिखरावर पोहोचली होती आणि पुढील सात-आठ वर्षांत जवळपास निम्म्यावर आली. वाचक कमी झाले असे त्यावरून म्हणता येत नाही. काही मोठ्या आकाराच्या, हजार-बाराशे येनांच्या पुस्तकांकडे गेले, काही ई-पुस्तकांकडे, काही मांगाकडे, आणि काहींना संकेतस्थळावर फुकट वाचणे पुरेसे वाटते. तरीही प्रकाशक नवे खंड काढणे थांबवत नाहीत, कारण पुस्तकाच्या नफ्यापेक्षा त्यातून निघणाऱ्या हक्कांचे मोल वाढले आहे. कादोकावाने तोक्योजवळच्या तोकोरोझावा येथे २०२० मध्ये पुस्तकांचा छापखाना आणि गोदाम, वास्तुरचनाकार केंगो कुमा यांनी घडवलेले संग्रहालय आणि ॲनिमेच्या खोल्यांचे हॉटेल एकाच आवारात उभे केले. डिसेंबर २०२४ मध्ये सोनीने सुमारे पन्नास अब्ज येनांचे नवे समभाग घेऊन या कंपनीतील आपला वाटा दहा टक्क्यांच्या आसपास नेण्याचे ठरवले आणि जानेवारी २०२५ मध्ये ती कादोकावाची सर्वांत मोठी भागधारक झाली. ॲनिमे काढणारी अनिप्लेक्स सोनीची आहे, ते जगाला दाखवणारे क्रंचिरोल २०२१ पासून सोनीचे आहे, गाण्यांसाठी सोनी म्युझिक आहे, खेळांसाठी प्लेस्टेशन आहे. सोनीकडे कमी होती ती मूळ कथांची, आणि कादोकावाकडून वर्षाकाठी नव्या पुस्तकांचे हजारो खंड बाहेर पडतात.